उंचीनुसार उतरता क्रम लावा

नेदरलँड्समधलं सर्वांत उंच शिखर कोणतं? मुंबईतल्या दिंडोशीत सणासुदीच्या प्रश्नमंजूषेत हा प्रश्न टाकला की आधी हशा पिकतो. जवळपास पाव देश समुद्रपातळीखाली, बांध घालून पाणी थोपवणारी माणसं. त्यांना कुठलं आलंय शिखर? मग तयारीचा एखादा मुलगा उठतो आणि ठणकावून सांगतो, ‘फाल्सरबर्ग, ३२२ मीटर’. टाळ्या पडतात. तेवढ्यात मागच्या रांगेतून दुसरा ओरडतो, ‘माउंट सीनरी’. गुण कुणाला द्यायचे?

फाल्सरबर्ग म्हणजे देशाच्या आग्नेय टोकाला, जर्मनी आणि बेल्जियमच्या सीमा जिथे एकत्र येतात तिथला झाडीभरला उंचवटा. जुन्या पुस्तकांत उत्तर तेच. पण १० ऑक्टोबर २०१० रोजी नेदरलँड्स अँटिल्स ही प्रशासकीय व्यवस्था मोडीत निघाली आणि कॅरिबियन समुद्रातलं साबा हे चिमुकलं बेट थेट नेदरलँड्सची खास नगरपालिका बनलं. त्या बेटावर माउंट सीनरी नावाचा ज्वालामुखी आहे, पावणेनऊशे मीटरच्या आसपास उंचीचा. एक कायदा अमलात आला आणि देशाचं सर्वोच्च शिखर अटलांटिक ओलांडून पलीकडे गेलं. डोंगर दोन्हीकडचे जागच्या जागी.

युरोपातल्या डोंगरांवर प्रश्न काढायला बसलं की अशी पंचाईत पदोपदी होते. स्पेनचं सर्वोच्च शिखर तेईदे, ३,७१५ मीटर. ते आहे आफ्रिकेच्या किनाऱ्यासमोरच्या कॅनरी बेटांवर. पोर्तुगालचं पिको, २,३५१ मीटर. ते अटलांटिकच्या मधोमध, अझोर्स बेटांवर. डेन्मार्कचं विचाराल तर आधी उलटा प्रश्न करावा लागतो, की ग्रीनलंड धरायचं का? धरलं तर ३,६९४ मीटर, न धरलं तर १७१. एकाच राजाच्या राज्यात साडेतीन हजार मीटरचा फरक, आणि दोन्ही आकडे खरे.

डेन्मार्कच्या त्या १७१ मीटरची कथा तर मला फारच आवडते. १४७ मीटर उंचीची हिमेलबियर ही टेकडी देशातली सर्वांत उंच, असं लोक पिढ्यान्‌पिढ्या मानत आले होते. १८४७ साली मोजणी झाली आणि मान आयर बाउनेहॉयकडे गेला. पुढे युडिंग स्कोवहॉयनं दावा सांगितला. तिथे भानगड अशी की माथ्यावर कांस्ययुगातल्या माणसांनी रचलेला दफनाचा ढिगारा आहे. तो धरला तर ती टेकडी उंच, वगळला तर बुटकी. अखेर २००५ साली नव्या मोजणीत तिसऱ्याच ठिकाणाचं, मोलेहॉयचं नाव पुढे आलं: १७०.८६ मीटर. एका शेताच्या कडेला आहे ते. देशाचं सर्वोच्च स्थान काही सेंटिमीटरनं ठरलं आणि ते ठरवायला दीडशे वर्षं लागली. लिथुआनियातही तसंच झालं. तिथल्या दोन शेजारी टेकड्यांमध्ये पहिली कोणती, याचा निकाल २००४ साली लागला. फरक जेमतेम हात-दोन हात.

बेल्जियमवाल्यांचा खटाटोप निराळा. त्यांचा सिग्नाल द बोत्रांज ६९४ मीटर भरतो. सातशेला सहा कमी, हे त्यांच्या जिवाला लागलं असावं. १९२३ साली त्यांनी तिथे सहा मीटरचा चौथरा बांधून वर जायला पायऱ्या काढल्या. आता बेल्जियममध्ये सातशे मीटरवर उभं राहता येतं.

हे आकडे ऐकवताना दिंडोशीच्या पोरांना मी खिडकीकडे बघायला सांगतो. पश्चिम द्रुतगती महामार्ग सोडून पूर्वेला वळलं की जनरल अरुणकुमार वैद्य मार्ग चढाला लागतो. बेस्टचा डेपो, न्यायालय, मग मृणाल गोरे आणि बाबुराव सामंत यांच्या चळवळीतून उभी राहिलेली नागरी निवाऱ्याची वसाहत, तिच्यापुढे दादासाहेब फाळके चित्रनगरी. रिक्षा पहिल्या गिअरमध्ये गुरगुरते तिथून डोंगर सुरू होतो, आणि चित्रनगरीच्या मागे तो सरळ संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात शिरतो. उद्यानातला सर्वांत उंच भाग समुद्रसपाटीपासून साडेचारशे मीटरच्या वर जातो. एस्टोनियाचं सर्वोच्च स्थान ३१८ मीटर, लॅटव्हियाचं ३१२, लिथुआनियाचं २९४, माल्टाचं २५३. हे देशच्या देश आमच्या मागच्या डोंगरापुढे खुजे आहेत. ज्या शहराला आपण सपाट आणि समुद्रकाठचं म्हणतो, त्याच्या हद्दीत युरोपातल्या पाच-सहा राष्ट्रांना मान वर करून बघावा लागेल असा डोंगर उभा आहे. मुलांना हे पटायला वेळ लागतो. सवयीचा डोंगर डोंगर वाटत नाही, त्याला टेकडीच म्हणतात.

आता ज्यांना सगळे ओळखतात त्या युरोपकडे, म्हणजे स्वित्झर्लंडकडे. मराठी मध्यमवर्गाचं आल्प्सशी नातं जुळवलं ते आधी हिंदी सिनेमानं आणि मग सहल कंपन्यांनी. टिटलिसवर ‘दिलवाले दुल्हनिया ले जाएंगे’मधल्या जोडीचा पुठ्ठ्याचा पुतळा आहे, गोरेगाव-मालाडच्या कितीतरी दिवाणखान्यांत त्याच्याशेजारी उभं राहून काढलेला फोटो सापडेल. दुसरं ठरलेलं ठिकाण युंगफ्राउयोख. तिथे जाणारी रेल्वे १९१२ पासून डोंगराच्या पोटातून चालते, वरचं स्थानक ३,४५४ मीटरवर आहे, युरोपातलं सर्वांत उंच. पाट्यांवर, तिकिटांवर, चॉकलेटच्या वेष्टनावर ‘टॉप ऑफ युरोप’ लिहिलेलं असतं. ते वाचून आलेला माणूस प्रश्नमंजूषेत हमखास चुकतो. युंगफ्राउयोख हे शिखर नाहीच. दोन शिखरांमधली ती खिंड आहे. शेजारचं युंगफ्राउ शिखर ४,१५८ मीटर. तेही देशात पहिलं नाही. मॅटरहॉर्न, ज्याचा त्रिकोण चॉकलेटमुळे जगाला पाठ झाला, तो ४,४७८. पहिला क्रमांक दुफूरश्पित्सेचा, ४,६३४ मीटर. आणि हे नाव आमच्याकडे आल्प्स बघून आलेल्या शंभरातल्या एखाद्यालाच ठाऊक असतं, कारण तिथे ना रेल्वे जाते ना सिनेमा. ‘युरोपातलं सर्वांत उंच’ विचारलं तर आणखी एक फाटा फुटतो: कॉकेशस पर्वत युरोपात मोजला तर रशियातलं एल्ब्रुस, ५,६४२ मीटर, न मोजला तर फ्रान्स-इटलीच्या सीमेवरचं माँ ब्लाँ.

दूरच्या डोंगरांवर असं बोट ठेवणं सोपं आहे. आपल्या सह्याद्रीवरचे प्रश्न बघू.

तलाठी भरती, पोलीस भरती, राज्यसेवा पूर्वपरीक्षा, कुठलीही प्रश्नपत्रिका घ्या. ‘खालील शिखरांचा उंचीनुसार उतरता क्रम लावा.’ अभ्यासिकेत बसणाऱ्या प्रत्येकाला यादी तोंडपाठ असते: कळसूबाई १६४६, साल्हेर १५६७, महाबळेश्वर १४३८, हरिश्चंद्रगड १४२४, सप्तशृंगी १४१६, तोरणा १४०४, राजगड १३७६, रायरेश्वर १३३७. पुढे सातपुड्यातलं अस्तंभा १३२५, गाविलगडच्या डोंगरातलं वैराट ११७७. पहिल्या दोन नावांबद्दल तक्रार नाही. कळसूबाई अकोले आणि इगतपुरी तालुक्यांच्या सीमेवर, साल्हेर बागलाणात. साल्हेर तर राज्यातला सर्वांत उंच किल्ला. १६७२ साली तिथे मराठ्यांनी मोगलांना उघड्या मैदानात हरवलं आणि जुलै २०२५ मध्ये युनेस्कोनं जागतिक वारशात घेतलेल्या बारा मराठा किल्ल्यांत त्याचाही समावेश झाला.

तिसऱ्या नावापाशी मात्र थांबावं लागतं. महाबळेश्वर हे शिखर आहे का? बाजारपेठ, बसस्थानक, स्ट्रॉबेरीच्या बागा असलेलं ते पठार आहे. १४३८ हा आकडा त्या पठारावरच्या सर्वांत उंच जागेचा, विल्सन पॉइंटचा. गाव त्याच्या खाली वसलंय. बरं, पठारावरची उंच जागा चालते असं धरलं, तरी तिसरा क्रमांक टिकत नाही. डोंगर भटकणाऱ्या मंडळींना विचारा. अकोले तालुक्यातल्या घनचक्करची उंची ते १५३२ मीटर सांगतात, गवळदेवची १५२२. हे दोघंही महाबळेश्वरच्या कितीतरी वर. कळसूबाईच्याच रांगेत, अलंग आणि मदन यांच्या शेजारी, कुलंग आहे, आणि तोही महाबळेश्वरला मागे टाकतो. पाठ्यपुस्तकाच्या यादीत यांपैकी एकाचाही पत्ता नाही. ती यादी बहुधा प्रसिद्ध ठिकाणांची आहे आणि प्रसिद्ध ठिकाणांना उंचीनुसार लावलंय, एवढंच. देवस्थान असेल, किल्ला असेल, थंड हवेचं ठिकाण असेल तर यादीत जागा. नुसताच डोंगर असेल तर नाही.

मग परीक्षार्थीनं काय करावं? १४३८ लिहून मोकळं व्हावं. आयोगाची उत्तरतालिका लागली की हरकती घ्यायची मुदत असते, आणि हरकतीसोबत पुरावा म्हणून पुस्तकाचं पान जोडावं लागतं. घनचक्करच्या माथ्यावर काढलेला फोटो तिथे काही कामाचा नाही. तोरण्याच्या उंचीवरून, १४०३ की १४०४, अभ्यासिकेत वाद रंगतात, कारण वेगवेगळ्या प्रकाशनांची पुस्तकं वेगवेगळं छापतात. एका मीटरसाठी भांडणारी ही मुलं शंभर मीटरनं उंच असलेल्या डोंगराचं नावही ऐकून नसतात, आणि दोष त्यांचा नाही.

या यादीत एक परदेशी पाहुणा बसवून बघा, मजा येते. ब्रिटनमधलं सर्वांत उंच बेन नेव्हिस, १३४५ मीटर. आमच्या यादीत ते राजगडाच्या खाली आणि रायरेश्वराच्या वर येईल. ज्यांनी आपल्या डोंगरांची मापं काढून गॅझेटियर लिहिली, त्यांच्या घरच्या सर्वोच्च शिखरापेक्षा राजगडचा बालेकिल्ला तीस मीटरनं उंच आहे.

पण त्याच ब्रिटनच्या स्कॉटलंडमध्ये शिखरांच्या यादीचं काम ज्या निष्ठेनं झालं, ते शिकण्यासारखं आहे. सर ह्यू मन्रो यांनी १८९१ साली तीन हजार फुटांवरच्या स्कॉटिश डोंगरांची यादी प्रसिद्ध केली. आजही त्या डोंगरांना मन्रोच म्हणतात आणि एकेक करून सगळे चढणं हा तिथला मोठा छंद आहे. मन्रोंना स्वतःला शेवटपर्यंत सगळे साधले नाहीत. स्काय बेटावरचा एक अवघड सुळका त्यांच्याकडून राहून गेला. यादी मात्र जिवंत राहिली. मोजणी सुधारली की एखादा डोंगर यादीतून निघतो. २०१२ साली असाच एक तीन हजार फुटांना दोनेक फूट कमी भरला आणि त्याचं नाव काढून टाकलं. तेव्हापासून मन्रो २८२. ही कसोटी सह्याद्रीला लावली तर आपला रायगडसुद्धा नापास होईल, तो सत्तावीसशे-अठ्ठावीसशे फुटांतच संपतो.

मन्रोंच्या यादीत शिखर कशाला म्हणायचं याची पक्की व्याख्या नव्हती, त्यांनी नजरेनं ठरवलं होतं. आल्प्सच्या बाबतीत गिर्यारोहकांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेनं १९९४ मध्ये चार हजार मीटरवरच्या शिखरांची यादी केली, तेव्हा नियम ठरवला: एका माथ्यावरून शेजारच्या अधिक उंच माथ्याकडे जाताना मधल्या खिंडीत किमान तीस मीटर उतरावं लागत असेल, तरच ते वेगळं शिखर. त्या हिशेबानं ८२ शिखरं भरली. नियम साधा आहे, पण त्यानं पुष्कळ भांडणं मिटतात. हरिश्चंद्रगडाचं उदाहरण घ्या. गडाच्या माथ्यावर तारामती आहे, रोहिदास आहे, कोकणकड्याची अजस्र वाटी आहे; पुस्तकात सगळं मिळून एकच ‘हरिश्चंद्रगड १४२४’. तारामती आणि रोहिदास एक शिखर की दोन? मधल्या खिंडीत किती उतरावं लागतं, ते मोजलं की उत्तर मिळेल. सह्याद्रीसाठी असा सर्वमान्य नियम कुणी अजून लावलेला नाही, म्हणून आमच्याकडे उतरता क्रम लावताना पठार, किल्ला, सुळका आणि देवस्थान एकाच ओळीत उभे राहतात.

उंची मोजायची म्हटली की शून्य कुठे धरायचं हा प्रश्न येतो, आणि मला विचाराल तर खरी गंमत इथेच आहे. आपल्या रेल्वे स्थानकांच्या पिवळ्या पाटीवर नावाखाली समुद्रसपाटीपासूनची उंची लिहिलेली असते. ती समुद्रसपाटी म्हणजे नेमकी कुठली? समुद्र तर दिवसातून दोनदा चढतो-उतरतो. भारतीय सर्वेक्षण विभागानं देशाच्या किनाऱ्यावर नऊ ठिकाणी भरती-ओहोटीची वर्षानुवर्षांची सरासरी काढली, कराची, मुंबई, कारवार, कोचीन अशी. त्या सरासऱ्या एकत्र बसवून १९०९ साली देशभरच्या उंच्यांचं जाळं पक्कं केलं. मुंबईची नोंद अपोलो बंदरावरची. म्हणजे कळसूबाईचे १६४६ मीटर मोजायला जी पट्टी धरली, तिचं एक टोक गेटवेच्या पायथ्याशी पाण्यात आहे. मुंबईपुरती आणखी एक पट्टी आहे. पालिकेच्या जुन्या नकाशांत, गटारांच्या आराखड्यांत पातळी ‘टाऊन हॉल डेटम’वरून दिलेली असते, म्हणजे एशियाटिकच्या पायऱ्यांच्या त्या इमारतीवरून. दिंडोशीतल्या एखाद्या जुन्या नाल्याच्या नकाशावरची पातळी आणि सर्वेक्षण विभागाच्या नकाशावरची उंची जुळत नाही, ती याच कारणानं.

युरोपात प्रत्येक देशाचा समुद्र वेगळा. जर्मनी ॲमस्टरडॅमची पातळी मानते, स्वित्झर्लंड मार्सेयची, बेल्जियम ओस्टेंडच्या ओहोटीची. बेल्जियमचं शून्य नेदरलँड्सच्या शून्यापेक्षा सुमारे २.३ मीटर खाली. त्यामुळे फाल्सरबर्गच्या माथ्यावर, तीन देशांच्या सीमेवर, त्याच दगडाची उंची बेल्जियमच्या नकाशात दोन मीटरनं जास्त निघते! जर्मनी आणि स्वित्झर्लंडच्या पातळ्यांत २७ सेंटिमीटरचा फरक. लाउफेनबुर्ग इथे ऱ्हाइन नदीवर दोन्ही काठांकडून पूल बांधायला घेतला, तेव्हा हा फरक अभियंत्यांना माहीत होता, हिशेबात धरलाही होता. फक्त अधिकऐवजी उणे केला. २००३ साली ध्यानात आलं की एक काठ दुसऱ्यापेक्षा ५४ सेंटिमीटर वर आलाय. स्वित्झर्लंडनं तर त्याआधी याहून मोठा धक्का पचवलेला. जिनिव्हाच्या तळ्यात पियेर द्यु निताँ नावाचा दगड आहे, त्यांच्या सगळ्या उंच्या तिथून मोजल्या जात. १९०२ साली त्या दगडाची उंची ३७६.८६ मीटर नसून ३७३.६ असल्याचं ठरलं आणि देशातले झाडून सारे डोंगर एका फटक्यात सव्वातीन मीटर बुटके झाले. जुन्या इंग्रजी पुस्तकांत मॅटरहॉर्न ४,४८२ मीटर दिसतो तो छापखान्याचा घोटाळा नव्हे.

हल्ली मुलं मोबाइल काढतात. ‘सर, ॲप दाखवतंय आपण समुद्राच्या खाली आहोत!’ दिंडोशीत, डोंगराच्या पायथ्याशी उभं राहून उंची वजा चाळीस वगैरे. उपग्रहावरून मिळणारी उंची पृथ्वीच्या एका गुळगुळीत, गणिती आकारावरून मोजलेली असते. प्रत्यक्ष समुद्राची पातळी गुरुत्वाकर्षणानुसार त्याच्या वर-खाली जाते. हिंदी महासागरात श्रीलंकेच्या दक्षिणेला ती जगात सर्वांत खोल गेलेली आहे, शंभर मीटरहून अधिक. त्या खळग्याची उतरंड मुंबईपर्यंत पोचते आणि इथे हा फरक साठ मीटरच्या आसपास पडतो. चांगलं ॲप तो दुरुस्त करून आकडा दाखवतं, फुकटातलं कधी कधी करत नाही. गडावर जाऊन मोबाइलवर उंची बघून पुस्तक चुकीचं ठरवणाऱ्यांनी एवढं तपासून घ्यावं.

शिवाय डोंगर स्वतःच बदलतात. माँ ब्लाँचा खडकाळ माथा ४,७९२ मीटरवर संपतो. वर असतो तो बर्फाचा थर. २००१ पासून फ्रेंच भूमापक दर दोन वर्षांनी जाऊन तो मोजतात. २०२१ साली ४,८०७.८१ मीटर, २०२३ साली ४,८०५.५९. दोन वर्षांत दोन मीटरहून जास्त घट. यंदाचा बरोबर आकडा विचारायचा तर प्रश्नात साल घालावं लागेल. स्वीडनमध्ये तर उत्तरच पालटलं. केब्नेकाइसे पर्वताला दोन माथे, दक्षिणेचा बर्फाचा आणि उत्तरेचा खडकाचा. शाळेत पिढ्यान्‌पिढ्या दक्षिण माथा पहिला म्हणून शिकवला. २०१८ च्या कडक उन्हाळ्यात बर्फ भराभर वितळला आणि २०१९ च्या मोजणीत २,०९६.८ मीटरचा उत्तर माथा वर ठरला. फिनलंडचा प्रश्न राजकारणाचा होता. त्यांचं सर्वोच्च स्थान हाल्ती, १,३२४ मीटर, हे शिखर नसून एका उतारावरची जागा आहे; त्या डोंगराचा माथा काही पावलांवर, पण नॉर्वेच्या हद्दीत. २०१७ साली फिनलंडच्या स्वातंत्र्याची शंभरी होती, तेव्हा हा माथा भेट द्यावा अशी मोहीम नॉर्वेतल्याच लोकांनी चालवली. नॉर्वेच्या पंतप्रधानांनी २०१६ मध्ये नकार दिला: राज्याची भूमी अविभाज्य आहे असं त्यांची घटना सांगते.

आमच्याकडे बर्फ नाही. सहा कोटींहून अधिक वर्षांपूर्वी लाव्हाचे थर साचून झालेला कातळ सहजासहजी हलत नाही, त्याला हलवतो तो सुरुंग. अंधेरीचा गिल्बर्ट हिल बघा. साठ मीटर उंचीचे, एकाला एक चिकटलेले काळे खांब सरळ उभे. आजूबाजूचा दगड इमारतींसाठी फोडून नेला, म्हणून तो आता चाळी-टॉवरांच्या गर्दीत एकटा दिसतो. दिंडोशीच्या बाजूलाही डोंगराला भोकं पडायची वेळ आलीय. गोरेगाव-मुलुंड जोडरस्त्यासाठी चित्रनगरीकडून मुलुंडच्या खिंडीपाड्याकडे उद्यानाच्या खालून प्रत्येकी ४.७ किलोमीटरचे दोन बोगदे खणले जाणार आहेत. उंची बदलणार नाही. पण डोंगराच्या पोटात काय आहे, हा प्रश्न इथल्या माणसाला उंचीच्या आकड्यापेक्षा जवळचा आहे.

म्हणून स्थानिक फेरीत मी उंची विचारतच नाही, पाणी विचारतो. ओशिवरा नदी कुठून निघते? आरेच्या डोंगरातून. पोयसर? राष्ट्रीय उद्यानातून. दहिसर नदी तुळशी तलावाकडून येते, मिठी विहार आणि पवईच्या सांडव्यातून. विहार १८६० चा, तुळशी १८७९ चा, पवई १८९१ चा. हे सगळं पाणी एकाच डोंगराच्या वेगवेगळ्या सोंडांवरून उतरतं. कुठल्या सोंडेचं पाणी कुठल्या वस्तीत शिरतं, हे ज्याला माहीत, त्याला डोंगर कळला असं मी समजतो. २ जुलै २०१९ च्या पहाटेआधी, मुसळधार पावसात, मालाड टेकडीच्या जलाशयाच्या आवाराची भिंत कुरारच्या पिंपरीपाड्यावर कोसळली आणि तीसच्या आसपास माणसं गेली. पिंपरीपाडा दिंडोशीहून चालत जाण्याच्या अंतरावर आहे. त्या रात्री तिथे किती मीटर उंचीचा डोंगर होता याचं काही महत्त्व नव्हतं. उतार किती होता आणि भिंतीमागे साचलेल्या पाण्याला वाट होती की नाही, एवढंच होतं.

शेवटची फेरी सावल्यांची. कागदावर डोंगराची फक्त कडा काढायची, नाव ओळखायचं. मॅटरहॉर्न लहान मूलही सांगतं. मलंगगडाचे सुळके अर्धे जण सांगतात. सपाट माथ्याचं माथेरान आणि तसाच सपाट प्रबळगड यांत गल्लत होते. बाजूला कलावंतिणीचा सुळका काढला की सुटते. उत्तरेचा कामणदुर्ग आणि तुंगारेश्वर ओळखणारे फार थोडे, वसईकडचे नातेवाईक असलेले. हे सगळे डोंगर पावसाळा सरताना, सप्टेंबर-ऑक्टोबरच्या एखाद्या धुतलेल्या सकाळी, आमच्याकडच्या उंच इमारतींच्या गच्चीवरून दिसू शकतात. त्यासाठी मागच्या डोंगरावर चढायला जाऊ नये. ते राखीव वन आहे, बिबट्यांचा वावर आहे आणि परवानगीशिवाय शिरणं गुन्हा आहे. उद्यानात वर जायचं तर बोरिवलीच्या दारातून, वनखात्याला विचारून. माहुलीचे वजीर, भटोबा, नवरा, नवरी हे सुळके वेगवेगळे ओळखायचे असतील तर मात्र गच्ची पुरत नाही. कसारा लोकल पकडून आसनगावला उतरावं लागतं.